पंचवीस मिनिटांची घटी

फोंड्यातल्या एका वाचनबैठकीत गेल्या महिन्यात पेटलेला वाद अजून शमलेला नाही. निमित्त झालं एका तरुण लेखिकेच्या पहिल्या मराठी कादंबरीचं. कादंबरी म्हणायची, पण तिच्यात गोष्ट सांगणारं सरळ प्रकरण एकही नाही. सगळं पुस्तक म्हणजे शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी अंत्रुज महालातल्या, म्हणजे याच फोंडा भागातल्या, कुणा शास्त्रीबुवांनी लिहिलेला ग्रंथ, आणि विषय काय, तर काळ हवा तसा ताणावा-आखडावा कसा त्याचं शास्त्र. संज्ञा आहेत, सूत्रं आहेत, सूत्रांवर वृत्ती, म्हणजे विवरण, आहे, वृत्ती न पटलेल्या शिष्याची टिप्पणी आहे. तळटीपा आहेत, आणि तळटीपांत ज्या पोथ्यांचे हवाले दिलेत त्या कधी कुणी लिहिलेल्याच नाहीत. मुखपृष्ठावर 'कादंबरी' हा शब्द स्वच्छ छापलेला आहे. तरीही जाणत्या मंडळींचे तीन तट पडले. एक म्हणतो, ही शास्त्राची विटंबना आहे. दुसऱ्या तटात विवेकवादी चळवळीतले माझे जुने स्नेही आहेत. त्यांच्या मते हे अंधश्रद्धेला खतपाणी आहे, पानापानावर 'काल्पनिक' असा ठळक शिक्का मारा, नाहीतर पुस्तक मागे घ्या. तिसरा तट लेखक-कवींचा. त्यांचं म्हणणं, कलेला असले प्रश्न विचारायचेच नसतात.

तिघेही तावातावाने बोलतात, आणि तिघांच्याही बोलण्यात वाचक म्हणजे ताटात पडेल ते मुकाट गिळणारा माणूस. मला हे अजिबात पटत नाही. ग्रंथ कल्पित आहे की खरा, एवढ्यावरून तो घातक की उपकारक हे ठरत नाही. शंका घेणाऱ्याशी तो कसा वागतो यावरून ते ठरतं. जो ग्रंथ शंकेला वाट ठेवतो, शंका घेणाऱ्याच्या पदरात काहीतरी टाकतो, तो कितीही कल्पित असला तरी ज्ञानाच्या बाजूचा आहे. जो शंकेखोराला करंटा, पाखंडी, परधार्जिणा ठरवतो, तो कितीही जुना आणि पूज्य असला तरी त्याच्यापासून सावध राहावं. या कसोटीवर ही कादंबरी मला नुसती निर्दोष वाटत नाही, ती शाळेतल्या मुलांच्या हाती द्यावी अशी वाटते.

हे मत मला बैठकीत सुचलेलं नाही, नववीतल्या एका मुलीने ते मला दिलं. मी तीस वर्षं गणित शिकवलं. आता संध्याकाळी चार-पाच मुलं घरी येतात. त्यातली एक जण आईच्या मोबाइलवर आलेला एका पानाचा फोटो दाखवायला घेऊन आली. 'सर, हे खरं आहे?' पान याच कादंबरीचं, पण सुटं. वर पुस्तकाचं नाव नाही, लेखिकेचं नाही, आणि खाली कुणीतरी जोडलेलं, 'आपल्या पूर्वजांचं ज्ञान, पुढे पाठवा.' माझ्या तोंडावर 'नाही' आलंच होतं. पण आपण आधी उत्तर दिलं की मूल विचार करायचं थांबतं, हे इतक्या वर्षांत पक्कं कळलंय. म्हटलं, वही काढ, यातलं जे तपासता येईल ते तपास. पानावर काळाची मापं होती. साठ पळांची एक घटी, साठ घटींचा एक अहोरात्र. इथवर आपल्या पंचांगात आहे तेच. पुढे शास्त्रीबुवा लिहितात, 'फिरंगी घड्याळाच्या हिशेबाने एका घटीची मिनिटे पंचवीस.' तिने साठ गुणिले पंचवीस मांडलं. पंधराशे. त्याला साठाने भागलं आणि मान वर करून म्हणाली, 'सर, ह्यांचा दिवस पंचवीस तासांचा होतो!'

घटी असते चोवीस मिनिटांची. हा जो एक तास वर आला, तोच कादंबरीचा गाभा आहे. ज्याने हा गुणाकार केला त्यालाच कळतं की शास्त्रीबुवा रोज कुणाच्या तरी आयुष्यातला एक तास काढून घेत होते. कुणाच्या, ते शिष्याच्या शेवटच्या टिप्पणीत आहे. ते इथे सांगून मी वाचणाऱ्याचा आनंद घालवणार नाही. ज्याने हात जोडून वाचलं त्याला मात्र एक जुनी पोथी वाचल्याचं समाधान मिळतं आणि गोष्ट त्याच्या हातून निसटते. त्या संध्याकाळी मी माळ्यावरचं आजोबांचं घटिकापात्र खाली काढलं. तांब्याचं, अर्ध्या नारळाच्या करवंटीएवढं, बुडाला सुईच्या टोकाएवढं भोक. पाण्यावर सोडलं की हळूहळू भरत जातं आणि चोवीस मिनिटांनी बुडतं. पूर्वी लग्नाची वेळ साधायला भटजी हेच घंगाळात सोडत. आम्ही बादलीत सोडलं आणि मोबाइलवर वेळ लावली. साडेतेवीस मिनिटांत बुडालं. उरलेलं अर्धं मिनिट कुठे गेलं यावर मुलं मग आणखी तासभर भांडली. भोक झिजून मोठं झालं असेल, वर पाणी काढलेलं तापलेल्या टाकीतलं होतं. एका बनावट शास्त्राच्या एका पानाने एवढं खरं शास्त्र त्या खोलीत आणलं. शिक्का मारलेलं पान कुणी वहीवर तपासलं असतं का?

घटिकापात्राचा विषय निघाला की लीलावतीची गोष्ट निघतेच. भास्कराचार्यांनी मुलीचा मुहूर्त साधायला पात्र पाण्यात सोडलं, ती वाकून बघायला गेली, तिच्या अंगावरचा मोती भोकात अडकला, पात्र बुडालंच नाही, मुहूर्त टळला, आणि तिच्या समाधानासाठी आचार्यांनी गणिताचा ग्रंथ लिहिला. आपण सगळे ही गोष्ट ऐकत मोठे झालो. 'लीलावती' ११५० च्या सुमाराची, आणि तिच्यात ही गोष्ट कुठेही नाही. ती येते १५८७ मध्ये अकबराच्या दरबारातल्या फैजीने केलेल्या फारसी भाषांतरात, म्हणजे चारशेहून अधिक वर्षांनी. खऱ्याखुऱ्या ग्रंथाला चिकटलेली ही कहाणी आपण पिढ्यानपिढ्या खरी म्हणून सांगत आलो. तेव्हा कुणी शिक्का मागितला नाही, कारण कहाणी गोड होती आणि पोरं त्या निमित्ताने गणितापर्यंत पोचत होती. मला स्वतःला तिचं एक खुपतं. ग्रंथात जिला 'बाले', 'मृगाक्षी' म्हणून कूट प्रश्न विचारले जातात, ती या कहाणीत लग्न हुकलेली दुःखी मुलगी होऊन बसते.

आता समोरच्या बाजूचं जे खरोखर वजनदार आहे त्याकडे वळतो. विवेकवादी मित्रांची भीती पोकळ नाही. पान पुस्तकातून सुटतं, मुखपृष्ठावरचा 'कादंबरी' हा शब्द मागे राहतो आणि पान एकटं गावभर फिरतं. हे माझ्याच घरात घडलं. त्यांनी 'वैमानिक शास्त्रा'चा दाखला दिला, आणि तो मुद्द्याला धरून आहे. भरद्वाज ऋषींच्या नावावर चालवलेला हा ग्रंथ विसाव्या शतकाच्या आरंभी पंडित सुब्बराय शास्त्री यांनी सांगितला आणि उतरवून घेतला गेला. १९७४ मध्ये बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या पाच अभ्यासकांनी त्याची भाषा, वृत्तं, आकृत्या आणि उड्डाणाचं गणित तपासून दाखवून दिलं की तो १९०४ च्या आधीचा असू शकत नाही आणि त्यातलं एकही विमान उडण्याजोगं नाही. तरीही जानेवारी २०१५ मध्ये मुंबईला भरलेल्या सायन्स काँग्रेसमध्ये प्राचीन विमानविद्येवर निबंध वाचला गेलाच. मित्र म्हणतात, बघा, कल्पित शास्त्र असं शंभर वर्षं पुरतं.

पण हा दाखला नीट वाचला तर तो शिक्क्याच्या विरोधात जातो. 'वैमानिक शास्त्रा'वर शिक्का बसलेला होता! देशातल्या अव्वल संस्थेतल्या पाच अभ्यासकांनी कारणांसकट मारलेला शिक्का एक्केचाळीस वर्षं सगळ्यांसमोर होता. शिक्का कमी पडला नाही, तो वाचायची सवय कमी पडली. आणि त्या ग्रंथात आणि या कादंबरीत मूळचा फरक आहे तो दाव्याचा. एक म्हणतो, मी ऋषींचा, म्हणून माना. दुसरी मुखपृष्ठावरच सांगते, मी कुणा ऋषीची नाही. जुन्या बनावट ताम्रपटांचा प्रकार आठवून पाहा. अमक्या राजाने अमक्या तिथीला ही जमीन आमच्या पूर्वजांना दान दिली, असं कोरून घ्यायचं आणि हक्क सांगायचा. अभ्यासकांनी त्यातले कितीतरी पकडले ते काळाच्याच आधाराने: शक मांडायचा, तिथी मांडायची, त्या दिवशी कोणता वार येतो ते गणिताने काढायचं आणि पत्र्यावरच्या वाराशी ताडून बघायचं. आपल्या गोव्याच्या कदंब राजांनी कोरीव लेखांत कलियुगाची वर्षं वापरली, त्यामुळे इथे काम करणाऱ्याला ही आकडेमोड हाताखालची असावीच लागते. ताम्रपट जमीन मागत होता. ही कादंबरी काय मागते? वाचकाने एक गुणाकार करावा एवढंच.

दुसरा आक्षेप याहून अवघड आहे. कल्पित गोष्ट कधीकधी खऱ्या माणसाला गिळून टाकते, आणि हे गोव्याला कुणी सांगायला नको. पणजीत जुन्या सचिवालयाशेजारी आबे फारियाचा पुतळा आहे. समोर आडवी झालेली स्त्री आणि तिच्यावर हात पसरून उभा असलेला पाद्री. कांदोळीत १७५६ मध्ये जन्मलेला हा माणूस पॅरिसला गेला आणि मानवी मनाबद्दल त्याने एक फार मोठी गोष्ट सांगितली. पण जगाला फारिया म्हटलं की आठवतो तो फ्रेंच कादंबरीकार ड्युमाच्या 'काउंट ऑफ माँटे क्रिस्टो'मधला तुरुंगातला म्हातारा, आणि तो तर इटालियन आहे! कादंबरीकाराने नाव उचललं आणि गोंयकार पुसला गेला. हा अन्याय मी नाकारत नाही. तो पुसलेला माणूस परत कसा उभा राहिला तेही पाहा. गोव्याच्याच डॉ. दालगादो यांनी कागदपत्रं धुंडाळून १९०६ मध्ये त्याच्यावर फ्रेंचमध्ये पुस्तक लिहिलं. कादंबरी गाजली नसती तर या विस्मृतीत गेलेल्या पाद्र्याची आठवण किती जणांना उरली असती?

आणि फारियाने काय सांगितलं होतं? त्याच्या आधी मेस्मर नावाचा वैद्य म्हणत होता की संमोहन करणाऱ्याच्या अंगातून एक अदृश्य द्रव वाहतो आणि समोरच्याला वश करतो. फारियाने ठामपणे सांगितलं की असा काही द्रव नाही. जे घडतं ते झोपी जाणाऱ्याच्याच मनात घडतं, त्याच्या एकाग्रतेने आणि सूचना स्वीकारण्याच्या तयारीने. मला हे ग्रंथांनाही जसंच्या तसं लागू वाटतं. पोथीच्या पिवळ्या पानांत, संस्कृत सूत्रांत, तळटीपांच्या बारीक अक्षरांत वाचकाला वश करणारा द्रव नाही. वश व्हायची तयारी वाचकाने घरून आणलेली असते. मग उपाय पानावर करायचा की त्या तयारीवर? बैठकीत सगळी चर्चा पानावर अडकून राहिली.

माझ्याच बाजूला अडचणीचं असं एक उदाहरण आहे आणि ते लपवणं बरोबर होणार नाही. दामोदर धर्मानंद कोसंबी, जन्म १९०७, गाव गोव्यातलं कोसबें. गणिती, नाणकशास्त्रज्ञ, इतिहासकार, आणि बनावट पुराव्याला शेवटपर्यंत क्षमा न करणारा माणूस. नाणी तराजूत तोलून, ती किती झिजली यावरून किती वर्षं हातोहात फिरली असतील ते काढणारा. याच कोसंबींनी १९३१ मध्ये, विशी-पंचविशीत, आंद्रे वेल या फ्रेंच गणितज्ञाच्या सांगण्यावरून एक शोधनिबंध लिहिला, 'बूरबाकीच्या दुसऱ्या प्रमेयाचं' सामान्यीकरण म्हणून. बूरबाकी हा कुणी रशियन गणिती, राज्यक्रांतीत विष देऊन मारला गेलेला, अशी माहितीही दिली. असा माणूस झालाच नव्हता. निबंध एका खऱ्या विद्वत्पत्रिकेत छापून आला. पुढे चारेक वर्षांत फ्रान्समधल्या तरुण गणितज्ञांच्या एका गटाने निकोला बूरबाकी हेच टोपणनाव घेतलं आणि त्या नावाने लिहिलेल्या ग्रंथमालेने विसाव्या शतकातल्या गणिताची मांडणी बदलून टाकली. नसलेल्या माणसाचा पहिला छापील हवाला आमच्या कोसबेंकराचा, याचा मला अभिमान वाटतो.

पण मी घातलेल्या कसोटीला तो निबंध उतरतो का? त्या दिवशी तरी उतरला नसता. मुखपृष्ठावर 'कादंबरी' नव्हतं, पत्रिकेच्या संपादकांचा विश्वास वापरला गेला होता. कोसंबी मोठे, म्हणून ते चाललं, असं मी म्हणणार नाही. विद्वत्पत्रिकेतला हवाला हा विश्वासावर चालणारा व्यवहार आहे; बाजारात नकली नाणं सोडलं तर ते गमतीत सोडलं की लबाडीत, याने घेणाऱ्याचं नुकसान कमी होत नाही. म्हणूनच मला कादंबरीकर्तीचं वागणं अधिक सरळ वाटतं. तिने आपलं नकली नाणं विद्वत्तेच्या बाजारात सोडलं नाही. काचेच्या पेटीत ठेवलं, वर पाटी लावली आणि म्हणाली, या, हे कसं पाडलं ते बघा. खोटं नाणं असं जवळून हाताळलेला माणूसच उद्या बाजारात फसत नाही.

एका स्नेह्यांनी मात्र पुस्तकाला जी हरकत घेतली ती मला फार खटकली. म्हणाले, काळ वाकवता येतो ही कल्पनाच अवैज्ञानिक आहे, मुलांना ती दाखवूच नये. काळ सगळीकडे एका चालीने चालत नाही, हे मोजून सिद्ध झालेलं आहे. १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग या दोघांनी आण्विक घड्याळं प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवली, आणि जमिनीवरच्या घड्याळांशी पडलेलं अंतर आइन्स्टाइनच्या सिद्धांताशी जुळलं. मालीम जेटीवरून ट्रॉलर घेऊन निघणाऱ्या तांडेलाच्या समोरचं जीपीएस ज्या उपग्रहांवर चालतं, त्यांची घड्याळं जमिनीवरच्यांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे धावतात. ती चूक आधीच काढून टाकली नाही तर एका दिवसात अकरा किलोमीटरची गफलत होईल आणि बोट मांडवीच्या मुखाऐवजी भलतीकडेच जाईल. १९४९ मध्ये गोडेल या गणितज्ञाने तर आइन्स्टाइनच्याच समीकरणांतून अशा विश्वाचं गणित मांडलं, जिथे पुढे चालत राहणारा माणूस आपल्याच भूतकाळात पोचतो. आपलं विश्व तसं असल्याचं काही दिसत नाही, पण गणितात खोट नाही. 'पोथीत आहे म्हणून खरं' आणि 'विचित्र वाटतं म्हणून खोटं' ही दोन्ही वाक्यं वही न उघडताच बोलता येतात. विवेकवाद्याच्या तोंडी दुसरं ऐकलं की मला पहिल्याइतकंच वाईट वाटतं.

राहिला मराठीचा, त्यातही गोव्यातल्या मराठीचा मुद्दा, आणि इथे मी सर्वांत जास्त माघार घेतो. इंग्रजीत एखादा खोटा हवाला सुटला तर त्याला पकडणारे हजार असतात. आपल्याकडे जुन्या गोमंतकीय ग्रंथांची नीट सूची चाळणारे किती उरलेत? नसलेल्या पोथीचं नाव एकदा एखाद्या स्मरणिकेत गेलं की तिथून ते दुसऱ्या लेखात जातं आणि वीस वर्षांनी त्याला आधार सापडतो, कारण दोन ठिकाणी छापून आलंय ना! शिवाय आता विचारलं की क्षणात लेख लिहून देणारी यंत्रं आली आहेत. तीही नसलेल्या पुस्तकांची नावं बेधडक देतात, आणि त्यांना मुखपृष्ठ नसतं की 'कादंबरी' हा शब्द नसतो. ही भीती मी मानतो. म्हणूनच, लेखिकेची बाजू घेत असताना सुरुवातीला नाकारलेली एक सूचना मी आता मान्य केली आहे. पानाच्या माथ्यावर जिथे पुस्तकाचं नाव छापतात, तिथे नावाला जोडून 'कादंबरी' हा शब्द असावा, म्हणजे फोटो काढला तरी तो सोबत जाईल. मजकुरावर आडवा शिक्का नको, तळटीपांत कंस नकोत, पण माथ्यावर तो एक शब्द हवा. तो शंका मारत नाही, शंकेला दार दाखवतो.

लेखिकेशी परवा फोनवर बोललो. दुसऱ्या आवृत्तीत माथ्यावरचा शब्द टाकायला ती तयार आहे. बोलता बोलता तिने सांगितलं की मुद्रितं तपासणाऱ्याने तिसऱ्या प्रकरणातल्या 'पंचवीस'खाली लाल रेघ ओढली आहे आणि समासात लिहिलं आहे, 'घटी २४ मिनिटांची, चूक सुधारावी.' त्या गृहस्थांना मनापासून नमस्कार सांग म्हटलं, आणि ती पंचवीस मिनिटं मात्र तशीच राहू दे.